टेलिफोनवाले काका

आमच्या कचेरीतले ते मोठे बाबू. महिन्यातले सव्वीस दिवस ते उज्जैनला फायली बघायचे आणि उरलेले चार दिवस मुंबईला जाऊन टेलिफोन बघायचे.

टेलिफोन खरे नव्हते. दर बुधवारी संध्याकाळी सरकारी वाहिनीवर एक विनोदी मालिका लागायची. बँकेतला एक साहेब, त्याची बायको, सासरे, दोन मुलं असं घर. त्या घरातला फोन सारखा बंद पडायचा, आणि तो बघायला एक लाइनमन यायचा, ते काम ह्यांचं. खांद्याला खाकी पिशवी, कानामागे पेन्सिल. घरात कितीही गोंधळ चालू असो, हा शांतपणे रिसीव्हर उचलायचा, त्यात फुंकर मारायचा, कानाला लावून बराच वेळ ऐकत राहायचा आणि डॉक्टरच्या चेहऱ्याने सांगायचा, "आवाज़ जा रही है. आ नहीं रही." एवढं बोलून तो निघून जायचा. फोन तसाच. तीन-चार मिनिटांचं काम, पण उज्जैनमध्ये शाळेतली पोरंसुद्धा ते वाक्य बोलायची.

मी कचेरीत लागले तेव्हा बावीस वर्षांची होते. वडील नोकरीत असतानाच गेले, म्हणून त्यांच्या खात्यात मला घेतलं. खातं नहरांचं, म्हणजे कालव्यांचं, आणि तलावांचं, कचेरी कोठी रोडला. मला आवक-जावकचं टेबल आणि एक हिंदी टाइपरायटर मिळाला. शेजारचं टेबल ह्यांचं. सगळ्यांच्या रजा, बदल्या, पेन्शन त्यांच्या हातात. बाकीचे त्यांना बड़े बाबू म्हणायचे. कचेरीत मराठी आम्ही दोघंच, शिवाय ते माधव नगरात आमच्या मागच्याच गल्लीत राहायचे, म्हणून मी काका म्हणायची.

पहिल्याच आठवड्यात मला वाटलं, ह्यांचं डोकं जरा सरकलेलं आहे. सकाळी ते दारातून आत आले, चार पावलं चालले, थांबले, मान हलवली आणि बाहेर निघून गेले. मिनिटाभराने परत आले. या वेळी त्यांचं समाधान झालं असावं, कारण टेबलाशी येऊन बसले.

मी विचारलं, "काही विसरलात का?"

"नाही. पहिल्यांदा बरोबर आलो नव्हतो."

पुढे कळलं की ते त्यांचं नेहमीचं आहे. आत येणं जमलं नाही तर ते पुन्हा यायचे. आमच्या साहेबांच्या मुलीच्या लग्नात ते मांडवात तीनदा शिरले. दारावर अत्तर लावणाऱ्या माणसाने तिन्ही वेळा अत्तर लावलं. दुसऱ्यांच्या येण्याकडेही त्यांचं लक्ष असायचं. साहेबांच्या खोलीत जायची मला भीती वाटायची, पाय अडायचे. काकांनी ते दोन दिवस पाहिलं आणि म्हणाले, "तू आत जातेस पण मान बाहेर ठेवून जातेस. आधी पूर्ण आत जा, मग दार लाव, मग बोल. दार लावेपर्यंत समोरचा वाट बघतो. तो वेळ आपला असतो." मी तसं करू लागले. अजून करते.

दुसरी सवय जास्त त्रासाची. ते प्रत्येक वाक्यानंतर थांबायचे. चपराशाला म्हणायचे, "तुम्हारी छुट्टी मंजूर नहीं हुई," आणि गप्प बसून त्याच्याकडे बघत राहायचे. त्या बिचाऱ्याला कळायचं नाही, अजून काही सांगायचंय की जायचं. मी एकदा कारण विचारलं.

"मालिकेत हसू मागून भरतात," ते म्हणाले. "आपण बोलतो तेव्हा समोर कोणी हसत नाही. कॅमेरावाला हसला तर त्याला ओरडतात. म्हणून बोलून झालं की हसण्यापुरती जागा सोडावी लागते. कमी सोडली तर पुढच्याचं वाक्य हसण्याखाली दबतं. जास्त सोडली तर भोक दिसतं. आता जिभेलाच सवय लागली. अपन काय करणार?"

आणि मग थांबले. मी हसले. त्यांनी मान डोलावली, जागा बरोबर भरली म्हणून.

त्यांचे वडील रेल्वेत मालबाबू म्हणून इकडे आले होते. काका लहानपणापासून गणपतीतल्या मराठी नाटकात काम करायचे, पण कधी नायक नाही, खलनायक नाही. पाणी आणणारा नोकर, पत्ता विचारायला आलेला म्हातारा, असलं. सिंहस्थाच्या वर्षी मुंबईची एक मंडळी घाटावर शूटिंग करायला आली. घाटाची परवानगी आमच्या खात्याची, म्हणून कागद घेऊन काका तिथे गेले. बाबूचं काम करणारा त्यांचा नट पोट बिघडून हॉटेलात पडला होता. दिग्दर्शक काकांना म्हणाला, तुम्ही खरेच बाबू आहात, दोन मिनिटं कागद धरून उभे राहा. काका उभे राहिले. त्या दोन मिनिटांत मुख्य नट सहीसाठी पेन शोधत होता आणि काका नुसते त्याच्याकडे बघत होते. दिग्दर्शकाने नंतर आपल्या माणसांना सांगितलं, "इनको खड़े रहना आता है." मुंबईहून तीन महिन्यांनी बोलावणं आलं. आमचे तेव्हाचे साहेब हौशी होते, त्यांनी वरून लेखी परवानगी आणून दिली. महिन्याला चार दिवस रजा, चार दिवसांत चार भाग.

बुधवारी संध्याकाळी काकांच्या घरी गल्ली जमायची. मी आणि माझी आई दोघी जायचो. टीव्ही कोनाड्यात, समोर सतरंजी. काका मात्र टीव्हीच्या बाजूला स्टूल टाकून, टीव्हीकडे पाठ करून बसायचे. त्यांनी स्वतःचं काम कधी पाहिलं नाही. ते आमचे चेहरे बघायचे. कोण कुठे हसलं, कोणाचं हसू अर्ध्यात थांबलं, सगळं त्यांच्या लक्षात राहायचं. माझ्या आईबद्दल म्हणायचे, "तुझ्या आईचं हसू उशिरा येतं. पण आलं की पक्कं."

काकू मात्र हसायच्या नाहीत. त्या फ्रीगंजच्या मुलींच्या शाळेत गणित शिकवायच्या आणि घरीही चेहरा तोच ठेवायच्या. मालिका चालू असताना भाजी निवडत बसायच्या. एकदा शेजारच्या बाईंनी विचारलं, "तुम्हाला नाही का हसू येत?" काकू म्हणाल्या, "मी ह्यांना रोज बघते." काकांनी तेसुद्धा ऐकून घेतलं आणि दुसऱ्या दिवशी कचेरीत मला म्हणाले, "काय वेळ साधते ही. मला अजून जमत नाही."

मी कधीतरी विचारलं होतं, तुम्हाला मुख्य काम करावंसं नाही वाटत? त्यांनी फाइल बंद केली. "हसू नायकाचं असतं ग. मी ते त्याच्यापर्यंत नेऊन सोडतो. मी गेल्यावर तो फोनकडे बघतो, तेव्हा लोक हसतात. मी असताना नाही." मग जरा वेळाने, "पण मी आलो नाही तर तो कशाकडे बघेल?"

हे ते अभिमानाने म्हणाले की खंतीने, मला तेव्हा कळलं नाही. वयही नव्हतं.

एक दिवस दुपारी एक आजीबाई कचेरीत आल्या. नानाखेड्याकडच्या नव्या कॉलनीत राहणाऱ्या, डोक्यावर पदर, हातात पिशवी. सरळ काकांच्या टेबलाशी गेल्या आणि म्हणाल्या, "बेटा, म्हारो फोन देख ले. दो महीना से छोरा की आवाज नी सुनी." मुलगा फौजेत होता. सगळी कचेरी हसली. काका थांबले, त्यांच्या सवयीने. पण आजी हसल्या नाहीत. त्या खरंच टेलिफोनवाल्याला शोधत आल्या होत्या. कोणीतरी गमतीने त्यांना इथला पत्ता दिला असावा.

कोणीही सांगितलं असतं, अहो आजी, मी तो नाही. काकांनी चष्मा खिशात ठेवला, अर्ध्या दिवसाची रजा लिहिली आणि मला म्हणाले, "तू पण चल. दोघं असलो की खरं वाटतं."

तीनचाकी टेम्पोने आम्ही त्यांच्या घरी गेलो. फोनवर क्रोशाचा रुमाल घातलेला. काकांनी रिसीव्हर उचलून कानाला लावला. आजी त्यांच्या तोंडाकडे बघत उभ्या, आता ते वाक्य येणार आणि मग काहीतरी होणार अशा. काका बोलले नाहीत. रिसीव्हर जपून खाली ठेवला, "अभी आता हूँ माँजी," म्हणाले आणि बाहेर पडले. मला तिथेच बसवून गेले. दीड तासाने परत आले ते एका खऱ्या लाइनमनला घेऊन. बद्री त्याचं नाव. काकांना बघून तो खूश झाला होता म्हणून आपली सुट्टी असूनही आला. शिडी लावून वर चढला. खारीने तार कुरतडली होती. पंधरा मिनिटांत त्याने जोडून दिली आणि फोनमध्ये घरघर सुरू झाली.

आजींनी काकांच्या डोक्यावरून हात फिरवला, लाडू दिले. बद्री शिडी काढत होता, त्याच्याकडे त्यांनी पाहिलंही नाही.

येताना फ्रीगंजला टॉवरपाशी उतरल्यावर काका म्हणाले, "त्याचं काम आणि मला लाडू. हे बरोबर नाही."

पुढच्या रविवारपासून ते बद्रीबरोबर जायला लागले. शिडी धरायची, पिशवी द्यायची, तो काय करतो ते बघायचं. चढता यायचं नाही त्यांना, गुडघे दुखायचे. पण वर्षभरात जमिनीवरची दुरुस्ती शिकले. मग ज्यांनी बोलावलं त्यांच्याकडे गेले, रविवारी, स्वतःचा पेचकस घेऊन. गंमत ही की टीव्हीत मात्र तो फोन त्यानंतरही कधी दुरुस्त झाला नाही. काकांनी दिग्दर्शकाला एकदा सांगितलंही होतं की मी पकडतो तसा रिसीव्हर कोणी लाइनमन पकडत नाही. दिग्दर्शक म्हणाला, तेच राहू द्या.

ह्या प्रसिद्धीची दुसरी बाजूही होती. आमच्या कचेरीतले एक जुने बाबू वारले तेव्हा आम्ही सगळे त्यांच्या घरी गेलो. काका गल्लीच्या तोंडाशीच थांबले. मी म्हटलं, चला न. म्हणाले, "मागच्या वेळी मी गेलो होतो एका ठिकाणी. मयताच्या भावाने मला पाहिलं आणि त्याला हसू फुटलं. तो तोंडावर रुमाल धरून आत पळाला. त्याचा काय दोष? पण त्याला ते आयुष्यभर टोचेल." ते बाहेरच उभे राहिले, भिंतीकडे तोंड करून. अंत्ययात्रा निघाली तशी बरंच अंतर ठेवून मागून चालत गेले.

मग घरोघरी केबल आली. एका गच्चीवरून दुसऱ्या गच्चीवर काळ्या तारा गेल्या, आणि बुधवारी काकांकडे येणारी गल्ली आपापल्या घरात बसू लागली. सरकारी वाहिनीवरची मालिका संपली. पण एका नव्या खासगी वाहिनीने तेच घर, तीच माणसं घेतली, आता आठवड्यातून चार दिवस. काकांनाही बोलावणं आलं. मुंबईत राहावं लागणार होतं. काकांनी सहा महिन्यांच्या बिनपगारी रजेचा अर्ज केला. आधीचे हौशी साहेब बदलून गेले होते, नवे दौऱ्यावर, त्यामुळे अर्ज तसाच पडून होता. तेवढ्यात मुंबईहून फोन आला की असं सहा-सहा महिन्यांवर चालणार नाही, नोकरीची भानगड सोडून या, नाहीतर दुसरा माणूस बघतो.

त्या दिवशी काकांनी एक कागद लिहून माझ्या टेबलावर ठेवला. "टाइप करून दे." त्यागपत्र होतं. चार ओळींचं.

"काकूंना सांगितलंत?"

"सांगीन. आधी कागद होऊन जाऊ दे. तिला विचारलं तर ती बरोबरच बोलेल, आणि मग माझ्याच्याने होणार नाही."

मी टाइप केलं. त्यांनी सही केली आणि कागद स्वतःच्या हाताने साहेबांच्या डाकेच्या फाइलीत ठेवला. दुपारच्या गाडीचं तिकीट आधीच काढलेलं होतं. ते घरी सामान घ्यायला गेले. अर्ध्या तासाने काकू कचेरीत आल्या. शाळेतून परस्पर स्टेशनवर जाणार होत्या, वाटेत काकांचा चष्म्याचा डबा टेबलात राहिला होता तो घ्यायला आलेल्या. जाताना मला म्हणाल्या, "सहा महिने म्हणजे दिवाळीनंतर येतील न? तोवर मी वरची खोली रंगवून घेते. इतकी वर्षं म्हणतायत, आरशासमोर उभं राहायला जागा पाहिजे."

त्या गेल्यावर मी डाकेची फाइल उघडली. बाबा गेल्यानंतरचे दोन महिने, माझी नेमणूक होईपर्यंतचे, मला आठवत होते. आई तेव्हा दाराशी नुसती बसून असायची. मी त्यागपत्र काढून माझ्या टेबलाच्या खणात, तळाशी अंथरलेल्या कागदाखाली ठेवलं. फाइलीत त्या जागी काकांचाच रजेचा अर्ज लावला. सही त्यांचीच होती. साहेब दौऱ्यावरून आले आणि त्यांनी तो मंजूर केला.

मी हे कोणालाच सांगितलं नाही. काकांनाही नाही. रोज वाटायचं, आज कळवावं. मग वाटायचं, तिकडे त्यांचं बस्तान बसतंय, कशाला पाय ओढायचे. खरं तर मला भीती वाटत होती.

त्यांची पोस्टकार्डं यायची. एकात लिहिलं होतं: "इथे सगळं वेगात आहे. मी दारातून आत आलो की मागून भोंगा वाजवतात. मी अजून काही केलेलंच नसतं." दुसऱ्यात: "वाक्यानंतरची जागा कापून टाकतात. मी सोडतो, ते कापतात. नायक म्हणतो, चलता है." मी मालिका बघायची. काका आल्यावर भोंगा वाजायचा, कॅमेरा त्यांच्या नाकाजवळ जायचा, ते वाक्य दोनदा ऐकवायचे. लोक हसत असतील. माझी आई हसायची थांबली होती. तिच्या वेळेपर्यंत पुढचं कोणीतरी ओरडायला लागायचं.

पाचव्या महिन्यात काका पंधरा दिवसांसाठी घरी आले. पुढच्या भागांत तुमचं काम कमी आहे, आराम करा, असं सांगितलं होतं. गल्लीला कळलं तशी त्या संध्याकाळी पुन्हा सतरंजी भरली. काका त्यांच्या जागेवर, टीव्हीकडे पाठ करून. दिसायला बारीक झाले होते.

मालिका सुरू झाली. घरातला फोन नवीन होता, बटणांचा, लाल रंगाचा. सासरे म्हणाले, "अब तो यह फ़ोन कभी ख़राब नहीं होगा." मुलाने विचारलं, "और वह लाइनमैन अंकल?" बायको चहा ओतता ओतता म्हणाली, "उसका तो तबादला हो गया." आणि पुढचं बोलणं सुरू झालं.

एवढंच. एक वाक्य. मी काकांकडे पाहिलं. ते आमच्या सगळ्यांचे चेहरे बघत होते, एकामागून एक. टीव्हीत काय झालं ते त्यांनी ऐकलं होतं की आमच्या तोंडावर वाचलं, मला माहीत नाही.

"काय झालं?" त्यांनी विचारलं.

भाजी निवडणाऱ्या काकूंचे हात थांबले. त्या म्हणाल्या, "तुमची बदली झाली."

काका जरा थांबले. "कुठे?"

तीन-चार क्षण तसेच गेले, आणि मग माझी आई हसली. तिला आवरेना. तोंडावर पदर धरला तरी खांदे हलत होते. मला जमिनीत जावंसं वाटलं. पण काका तिच्याकडे फार मायेने बघत होते. तिचं बघून दुसरी हसली, मग सगळी सतरंजी. काका उठले, टीव्ही बंद केला आणि म्हणाले, "चला, चहा टाकतो."

दुसऱ्या दिवशी ते कचेरीत आले. स्वतःच्या टेबलाशी बसले नाहीत, माझ्यासमोर बाहेरच्या माणसासारखे बसले. म्हणाले, "हिला आज सांगणार आहे, नोकरी सोडली म्हणून. त्याआधी फंडाचे कागद किती दिवसांत होतील ते बघ."

तेव्हा मी सांगितलं. खालच्या आवाजात, भराभर. तुमचं त्यागपत्र गेलंच नाही. तुम्ही रजेवर आहात. अजून महिना बाकी आहे.

मला वाटलं होतं त्यांना हायसं वाटेल.

"कोणाला विचारून?" ते म्हणाले.

मी काकूंचं सांगू लागले, रंगवलेल्या खोलीचं. त्यांनी हात वर केला. "शिडी धरली, पाणी आणलं, दुसऱ्यासाठी जागा सोडली. जन्मभर तेच केलं. आयुष्यात एकदा मी सगळं सोडून गेलो होतो. पाच महिने मला वाटत होतं, मी असा माणूस आहे. तेही तू खोटं करून टाकलंस."

ते उठून गेले. सोमवारी रुजू झाले. शेजारच्याच टेबलाशी बसायचे आणि माझ्याशी एक अक्षर बोलायचे नाहीत. काम असलं तर चपराशाबरोबर चिठ्ठी. सकाळी एकदाच आत यायचे, कसंही. परत बाहेर जाऊन येणं बंद झालं.

मी रात्रंदिवस तोच विचार करायची. तो कागद गेला असता तर? बदली झाली हे कळल्यावरही ते मुंबईतच राहिले असते, चार दारं वाजवली असती, काहीतरी झालं असतं. की झालं नसतं? मी त्यांना वाचवलं होतं की माझ्या बाबांचं राहिलेलं काहीतरी त्यांच्यावर फेडून घेतलं होतं? ज्याच्यावर आपण भरवसा ठेवला नाही, त्याला आपण वाचवलं असं कसं म्हणायचं?

पुढचं सगळं वाईट झालं असं नाही. तो जुना दिग्दर्शक काकांना विसरला नाही. एक-दोन दिवसांची कामं यायची: चुकीच्या लग्नात जेवायला आलेला पाहुणा, तिकीट तपासणारा, दवाखान्यातला नुसता बसलेला माणूस. काका जायचे आणि येऊन आपल्या फायली बघायचे. ते वाक्य मात्र लोक हळूहळू विसरले, कारण लोकांचे फोन बंद पडेनासे झाले होते. आठ वर्षांनी ते मानाने निवृत्त झाले, आणि आज ते नाहीत. वरची ती खोली काकूंनी अजून तशीच ठेवली आहे, पिवळ्या रंगाची.

पण मला सांगायचंय ते, काका पुन्हा रुजू झाल्यानंतर चार महिन्यांनी घडलं. कचेरीत कॉम्प्यूटर येणार म्हणून माझं जुनं टेबल जायचं होतं. खण रिकामे करताना खालच्या कागदाखाली ते त्यागपत्र निघालं. मी ते घेऊन काकांच्या टेबलाशी गेले. आधी पूर्ण उभी राहिले, मग बोलले.

"हे तुमचं आहे. फाडा, नाहीतर साहेबांकडे पाठवा. या वेळी मी मध्ये येणार नाही."

त्यांनी चष्मा लावला. कोणाचाही कागद वाचावा तसा तो वाचला. विषय, संदर्भ, मजकूर, खाली सही. मग पुन्हा खालपासून वर. बराच वेळ ते सहीच्याच जागी बघत राहिले.

"हा तू ठेवून घेतला नसतास तरी परत आला असता," ते म्हणाले. चार महिन्यांत पहिल्यांदा माझ्याशी बोलत होते.

"का?"

त्यांनी कागद माझ्याकडे फिरवला. सहीखाली मी "दिनांक" असं टाइप करून पुढे ठिपके सोडले होते, हाताने भरायला. ठिपके रिकामे होते.

"पंचवीस वर्षं अपन लोकांचे असे कागद परत पाठवतोय," ते म्हणाले.

"घाईत राहिलं असेल, काका."

"सही करताना मी कधी काही विसरलो आहे का?"

त्यांच्या चेहऱ्यावर राग नव्हता, आश्चर्य होतं, जवळच्या माणसाबद्दल काहीतरी नवं कळल्यावर होतं तसं. मग त्यांनी खणातून लाल शाईचं पेन काढलं आणि कागदाच्या कडेला, त्यांच्या वळणदार अक्षरात लिहिलं: "दिनांक अंकित नहीं. आवेदक को वापस." खाली लहान सही केली, त्या दिवसाची तारीख घातली आणि कागद माझ्यापुढे धरला.

परत जाणारा प्रत्येक कागद माझ्याकडून जायचा. मी माझ्या जागेवर आले, जावकचं रजिस्टर उघडलं, नंबर टाकला, नावाच्या रकान्यात काकांचं नाव लिहिलं. मग उठून तो कागद त्यांच्या हातात दिला. त्यांनी रजिस्टर स्वतःकडे ओढून घेतलं आणि मिळाल्याची सही केली.